'वेडा आणि नन': मनोरुग्णालयावरच्या पोलिश नाटकाबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

स्तानिस्वाव इग्नात्सी वित्क्येविच हा पोलंडचा नाटककार, चित्रकार आणि तत्त्वचिंतक. 'वितकात्सी' हे त्याने स्वतःच घेतलेलं नाव. १९२३ मध्ये त्याने मनोरुग्णालयाच्या एका कोठडीत घडणारं छोटं नाटक लिहिलं, 'वेडा आणि नन'. मनोरुग्णालयावरचा काळा पोलिश विनोद ज्याला समजून घ्यायचा आहे त्याने सुरुवात इथून करावी, असं माझं मत आहे. नाट्यवाचनानंतर हौशी रंगकर्मी, मानसोपचार क्षेत्रातली मंडळी आणि रुग्णांचे नातेवाईक जे प्रश्न पुन्हा पुन्हा विचारतात, त्यांची उत्तरं इथे एकत्र दिली आहेत.

नाटकात घडतं काय?

म्येचिस्वाव वाल्पुर्ग हा तरुण कवी कोठडीत आहे. अंगात हात मागे बांधणारा जाकीट आहे. त्याच्यावर उपचार कसे करावेत यावरून दोन डॉक्टरांचं पटत नाही. बुर्दिगेल जुन्या वळणाचे मानसोपचारतज्ज्ञ आहेत, तर ग्र्यून हे मनोविश्लेषणाचे जनक फ्रॉइड यांचे कडवे अनुयायी. वाल्पुर्गच्या मनातली गाठ बाहेर यावी म्हणून सिस्टर अ‍ॅना या तरुण ननला त्याच्याकडे पाठवलं जातं. तिचा प्रियकर वारलेला आहे आणि त्यानंतरच तिने दीक्षा घेतली आहे. दोघं बोलू लागतात. ती त्याचं जाकीट सोडते, त्याला लिहायला पेन्सिल देते, आणि त्या रात्री दोघं एकमेकांचे होतात. पुढे वाल्पुर्ग त्याच पेन्सिलीने बुर्दिगेलचा जीव घेतो. ग्र्यूनना या खुनाने आनंद होतो. त्यांच्या लेखी गाठ सुटली, रुग्ण बरा झाला.

इथपर्यंतचं सांगायला हरकत नाही. शेवट खाली वेगळ्या प्रश्नात आहे. नाटक आधी वाचायचं असेल तर तो प्रश्न सोडून पुढे जा.

हे वेड्यांची थट्टा करणारं नाटक आहे का?

सगळ्यात जास्त विचारला जाणारा प्रश्न हाच, आणि तो विचारायलाच हवा. आपल्याकडच्या विनोदात वेड्याचं पात्र आलं की ते केस विस्कटून येतं, काहीतरी असंबद्ध बरळतं आणि लोक हसतात. 'याला ठाण्याला पाठवा', 'हा येरवड्याहून सुटून आलाय' ही वाक्यं आपण लहानपणापासून ऐकत आलो. पोलंडमध्ये वॉर्साजवळच्या त्वोर्की मनोरुग्णालयाचं नाव नेमकं असंच वापरलं जातं.

वितकात्सीच्या नाटकात मात्र कोण हास्यास्पद होतं ते नीट पाहा. वाल्पुर्गचं बोलणं सगळ्यांत सुसंगत आहे. आपल्याला काय होतंय ते त्याला ठाऊक आहे. कोंडून ठेवल्यामुळे आपण अधिक बिघडत चाललो आहोत, हेही तो सांगतो. ऐकणारा प्रत्येक जण त्याचं बोलणं लक्षण म्हणून नोंदवतो. तो चिडला तर आजार, गप्प बसला तर आजार, डॉक्टर चुकतात असं म्हणाला तर आजार आणखी बळावलेला. या फेऱ्यातून त्याला बाहेर पडायला वाटच नाही. हसू येतं ते डॉक्टरांच्या ठाम आत्मविश्वासाचं. किल्ली ज्याच्या कमरेला असते त्याला आपल्या निदानाबद्दल शंका येत नाही, आणि वितकात्सी सगळा उपहास त्या किल्लीवर रोखतो. नाटक बसवणाऱ्याने एवढी एक गोष्ट सांभाळली नाही, वाल्पुर्गला विदूषक केला, तर पुढची सगळी मेहनत वाया जाते.

नाटकाची अर्पणपत्रिकाही जगातल्या सगळ्या वेड्यांच्या नावे आहे, आणि त्यात इतर ग्रहांवरचेही धरलेले आहेत.

डॉ. ग्र्यून म्हणजे फ्रॉइडची टिंगल का?

वरवर तसं वाटतं, पण वितकात्सीचा फ्रॉइडशी संबंध पुष्कळ गुंतागुंतीचा होता. पहिल्या महायुद्धाआधी झाकोपाने या डोंगरातल्या गावात कारोल द बोरँ या मनोविश्लेषकाकडे तो स्वतः विश्लेषणासाठी जात होता. पोलंडमधल्या पहिल्या मनोविश्लेषकांपैकी हे एक. पुढे १९३६ च्या सुमारास लिहिलेल्या एका पुस्तकात वितकात्सीने मनोविश्लेषणाची मनापासून बाजू घेतली, लोकांनी ते करून घ्यावं असं सांगितलं.

म्हणजे हा उपहास आतल्या माणसाचा आहे. रुग्णाच्या खुर्चीवर बसलेल्याला पक्कं माहीत असतं की समोरचा ऐकतोय की आपल्याच सिद्धान्ताला पुरावा शोधतोय. ग्र्यून दुसऱ्या जातीचे. समोर माणूस मरून पडलेला असताना त्यांना सिद्धान्त खरा ठरल्याचं समाधान मिळतं. हा दोष फ्रॉइडचा म्हणून सोडून देता येत नाही. औषधांवर, तपासण्यांवर, आकड्यांवर विश्वास ठेवणारा डॉक्टरही ग्र्यून होऊ शकतो.

मनोरुग्णालयात नन कशासाठी?

त्या काळी पोलंडमधल्या अनेक रुग्णालयांत शुश्रूषेचं काम कॅथलिक संघांच्या सिस्टर करत. वसई किंवा गोव्याकडच्या वाचकांना हे नवीन वाटणार नाही. नाटकात त्याचा उपयोग फार अचूक झाला आहे. अ‍ॅनाचीही जागा बंद आहे, तिच्याही अंगावर गणवेश आहे, आणि वरिष्ठ सिस्टर बार्बारा तिच्यावर लक्ष ठेवून आहेत. कोठडीत कोंडलेली माणसं दोन आहेत. त्यातली एक स्वतःच्या पायाने आत आली, एवढाच फरक.

शेवट समजला नाही. मेलेला माणूस परत कसा येतो?

वाल्पुर्गला पुन्हा जाकिटात बांधलं जातं आणि तो गळफास घेतो. अ‍ॅना शोक करते आहे, मृतदेह समोर आहे, आणि दारातून वाल्पुर्ग झकपक कपड्यांत आत येतो. बरोबर बुर्दिगेलही आहेत, तेच, ज्यांचा खून झाला होता. वाल्पुर्ग अ‍ॅनाला घेऊन शहराकडे निघून जातो. ग्र्यून, सिस्टर बार्बारा आणि रखवालदार कोठडीतच अडकतात आणि आपापसांत मारामारी करू लागतात. प्रेत तिथेच असतं.

काही जण याला अ‍ॅनाचं स्वप्न समजतात. काहींना तो मरणोत्तर प्रवेश वाटतो. मला ही दोन्ही स्पष्टीकरणं नाटकाला लहान करणारी वाटतात. वितकात्सीने 'शुद्ध रूप' नावाची कल्पना मांडली होती. रंगमंचावर जे घडतं त्याने दैनंदिन आयुष्याच्या तर्काला हिशोब देण्याची गरज नाही, चित्रातल्या रंगांसारखं त्याचं आपलं आतलं नातं असावं, असं तो म्हणत असे. त्या नात्यातून पाहिलं तर शेवट अगदी सरळ आहे. सगळा अंक कोण आत आणि कोण बाहेर यावर चालला आहे, आणि शेवटी जागांची अदलाबदल होते. डॉक्टरांना कोठडी मिळते. ती मिळाल्यावर ते ज्या वेगाने हिंसक होतात, त्यात वाल्पुर्गच्या आजाराबद्दल पुष्कळ काही कळतं.

नाटकाचं एक लांबलचक उपशीर्षकही आहे. वाईटातून त्याहून वाईट निघणार नाही असं कुठलंच वाईट नसतं, असा त्याचा आशय.

लेखक स्वतः मनोरुग्ण होता का?

निदान लावायचा मोह होतो, मी तो टाळते. माहीत असलेलं आयुष्य एवढं: जन्म १८८५, वॉर्सा. बालपण झाकोपानेत. १९१४ मध्ये त्याच्या वाग्दत्त वधूने आत्महत्या केली. तो पुरता कोसळला, आणि त्याचा मित्र ब्रोनिस्वाव मालिनोव्स्की, पुढे जगप्रसिद्ध झालेला मानववंशशास्त्रज्ञ, त्याला आपल्याबरोबर सिलोनमार्गे ऑस्ट्रेलियाला घेऊन गेला. महायुद्ध सुरू झालं तेव्हा वितकात्सी परतला, रशियन सैन्यात दाखल झाला आणि क्रांती त्याने जवळून पाहिली. नंतर पोट भरण्यासाठी त्याने व्यक्तिचित्रं काढणारी 'कंपनी' सुरू केली. तिची छापील नियमावली होती. काही चित्रांच्या कोपऱ्यात ते काढताना आपण कोणते पदार्थ घेतले होते, की त्या दिवसांत सिगारेट सोडली होती, याच्या खुणा तो लिहून ठेवत असे.

१७ सप्टेंबर १९३९ रोजी सोव्हिएत सैन्य पूर्वेकडून पोलंडमध्ये शिरलं. दुसऱ्या दिवशी, १८ तारखेला, आज युक्रेनमध्ये असलेल्या येझोरी गावात त्याने आत्महत्या केली. १९८८ मध्ये त्याचे अवशेष समारंभाने झाकोपानेला आणून पुरले गेले. १९९४ मध्ये कबर पुन्हा उघडून तपासणी झाली, तेव्हा ते अवशेष एका तरुण स्त्रीचे असल्याचं आढळलं. त्या अनोळखी स्त्रीबद्दल मला फार वाईट वाटतं. सरकारी थाटात तिला दुसऱ्याच्या नावाने निरोप दिला गेला, आणि तिचं स्वतःचं नाव कोणी विचारलं नाही.

त्या काळची खरी मनोरुग्णालयं अशी होती का?

नाटकातलं रुग्णालय काल्पनिक आहे. 'मेलेल्या सशाचं' असं काहीसं त्याचं नाव आहे, एखाद्या जुन्या खाणावळीला शोभेल असं. खरी रुग्णालयं एकसारखी नव्हती. त्वोर्की १८९१ मध्ये, रशियन अमलाखाली सुरू झालं. क्राकूवजवळचं कोब्येझिन १९१७ चं, म्हणजे नाटक लिहिलं गेलं तेव्हा अगदी नवीन. ते उद्यान-नगराच्या धर्तीवर बांधलं होतं: झाडांमध्ये विखुरलेल्या बैठ्या इमारती, शेती, प्रार्थनागृह, रुग्णांसाठी नाट्यगृह. आज या रुग्णालयाला युझेफ बाबिन्स्की यांचं नाव आहे. पायाची बोटं पाहून मज्जासंस्थेची तपासणी करतात, ती 'बाबिन्स्की खूण' आपल्याकडच्या प्रत्येक वैद्यकीय विद्यार्थ्याला पाठ असते. ते हेच.

मग या रुग्णालयांचं पुढे काय झालं?

हे सांगितल्याशिवाय पोलिश काळा विनोद काळा का आहे ते कळत नाही.

१९३९ च्या शरद ऋतूत जर्मनांनी पोझ्नानच्या सातव्या किल्ल्यात ओविन्स्का रुग्णालयातल्या रुग्णांना विषारी वायूने मारलं. नाझींनी माणसांना मारण्यासाठी वायू वापरल्याच्या अगदी सुरुवातीच्या घटनांपैकी ही एक. मोठ्या छावण्यांतली वायूची दालनं त्यानंतरची. १२ जानेवारी १९४० रोजी हेउम इथल्या रुग्णालयात सुमारे ४४० रुग्णांना गोळ्या घातल्या गेल्या. २३ जून १९४२ रोजी कोब्येझिनमधून पाचशेहून अधिक रुग्णांना आउश्वित्झला नेऊन ठार केलं. झाडांमधल्या त्या बैठ्या इमारती एका दिवसात रिकाम्या झाल्या.

म्हणून वितकात्सी आज वाचताना, रुग्ण बरा झाला हे ग्र्यूनचं म्हणणं ऐकून हसू येतं आणि लगेच थांबतं. रुग्णाचं बोलणं म्हणजे केवळ लक्षण, असं एकदा ठरलं की त्याच्या जगण्यावर दुसऱ्याने शिक्का मारणं सोपं होतं. १९२३ मध्ये वितकात्सीला पुढचं काही ठाऊक असणं शक्य नव्हतं. त्याने दार मात्र बरोबर ओळखलं होतं.

याच जातीचं आणखी काय पाहता-वाचता येईल?

पहिलं नाव स्तानिस्वाव लेमचं. विज्ञानकथांमुळे आपल्याला माहीत असलेल्या या लेखकाने १९४८ मध्ये, विशीत असताना, 'रूपांतराचं रुग्णालय' ही कादंबरी लिहिली. नाझी ताबा येतो तेव्हा एका मनोरुग्णालयात कामाला लागलेला तरुण डॉक्टर हा तिचा नायक. साम्यवादी राजवटीत ती अडकून पडली आणि १९५५ मध्ये प्रसिद्ध झाली. तिच्यावर एडवर्ड झेब्रोव्स्कीने काढलेला चित्रपट १९७९ चा. त्यातही एक कवी रुग्णालयात आश्रयाला आहे आणि डॉक्टरांची आपापली वेडं आहेत, पण इथे उपहास हळूहळू गळून पडतो. दोन्ही कृती पाठोपाठ पाहाव्यात.

अलीकडचा म्हणाल तर वोयचेख स्माझोव्स्कीचा २०१४ चा 'बलवान देवदूत' या नावाच्या गुत्त्याभोवतीचा चित्रपट, येझी पिल्खच्या कादंबरीवर आधारित. दारू सुटण्यासाठी वारंवार दाखल होणारा लेखक त्यात आहे. मराठी घरांत दारूने काय होतं ते आपण जाणतो. हा चित्रपट मन घट्ट करून पाहावा लागतो. छोट्या पडद्यावर हवं असेल तर २०११ ते २०१३ दरम्यान आलेली 'रहस्यांविना' ही मालिका आहे, मूळ इस्रायली मालिकेवरून केलेली. तिच्यात उपहास नाही. एक मानसोपचारतज्ज्ञ, एक रुग्ण, एक खोली. ग्र्यूनच्या नेमकं उलट वागणारा माणूस कसा ऐकतो, ते तिथे दिसतं.

आज पोलंडमध्ये एखाद्याला असं कोंडून, बांधून ठेवता येतं का?

पोलंडचा मानसिक आरोग्य संरक्षण कायदा १९ ऑगस्ट १९९४ चा. त्याआधी अनेक वर्षं मसुदे येत-जात राहिले. संमतीशिवाय दाखल करायचं तर त्या व्यक्तीच्या वागण्यातून तिच्या स्वतःच्या जिवाला, किंवा इतरांच्या जिवाला वा आरोग्याला थेट धोका दिसला पाहिजे. तिला डॉक्टरने स्वतः तपासायला हवं. विभागप्रमुखाने ४८ तासांत निर्णयाला मान्यता द्यायची, रुग्णालयाने ७२ तासांत न्यायालयाला कळवायचं, आणि त्यानंतर न्यायाधीशाने रुग्णालयात येऊन त्या व्यक्तीला भेटायचं. ही शेवटची गोष्ट मला सर्वांत महत्त्वाची वाटते. कागद पाहून भागत नाही, माणसाचं ऐकावं लागतं. वाल्पुर्गला भेटायला असं कोणीच आलं नव्हतं.

बळाचा वापर चार प्रकारे करता येतो: धरून ठेवणं, बळाने औषध देणं, पट्ट्यांनी बांधणं आणि वेगळ्या खोलीत ठेवणं. बांधायचं तर पहिल्यांदा जास्तीत जास्त ४ तास. मुदत वाढवायची तर डॉक्टरने पुन्हा तपासायचं. नर्सने दर १५ मिनिटांनी जाऊन पाहायचं आणि लिहून ठेवायचं. २००५ पासून मनोरुग्णालयांतल्या रुग्णांसाठी स्वतंत्र हक्क-प्रतिनिधीचीही तरतूद आहे.

आपल्याकडे काय नियम आहेत?

थोडक्यात: २०१७ च्या मानसिक आरोग्यसेवा कायद्यानुसार संमती देण्याच्या स्थितीत नसलेल्या रुग्णाला दाखल केलं तर पहिली मुदत ३० दिवसांपर्यंत असते, आणि रुग्णालयाने पुनर्विलोकन मंडळाला ७ दिवसांत कळवायचं असतं. रुग्ण स्त्री किंवा अल्पवयीन असेल तर ३ दिवसांत. साखळदंडाला आणि भूल न देता विजेचा झटका देण्याला पूर्ण बंदी आहे. येरवडा, ठाणे, नागपूर आणि रत्नागिरी इथल्या शासकीय प्रादेशिक मनोरुग्णालयांनाही हाच कायदा लागू आहे. आपला माणूस दाखल असेल तर हे हक्क त्याला समजेल अशा भाषेत सांगायला रुग्णालयाकडे आग्रह धरा.

घरात कोणी आजारी आहे. मी हे नाटक पाहावं का?

वेळ निवडून. नाटकात आत्महत्या, खून आणि बांधून ठेवणं हे तिन्ही समोर घडतं, आणि लेखक कुठेही हात धरून धीर देत नाही. घरचा माणूस नुकताच दाखल झाला असेल तर थांबा, नाटक कुठे जात नाही. मात्र काही नातेवाइकांनी मला सांगितलं की वाल्पुर्गचं बोलणं ऐकल्यावर आपल्या भावाचं, आपल्या आईचं एखादं जुनं वाक्य त्यांना पहिल्यांदा नीट आठवलं. एक गोष्ट स्पष्ट करते: हे नाटक उपचारांविरुद्धचा सल्ला नाही. ते वाचून कोणी औषधं बंद करू नयेत. स्वतःला किंवा घरच्यांना त्रास होत असेल तर 'टेली मानस' या सरकारी मदतवाहिनीचा १४४१६ हा क्रमांक आहे, तिथे मराठीतही बोलता येतं.

हौशी संस्थेला बसवायचं आहे. काय लागेल?

लेखकाला जाऊन सत्तर वर्षं उलटून गेल्याने मूळ नाटकाचा स्वामित्वहक्क संपला आहे. भाषांतराचा हक्क मात्र भाषांतरकाराचा असतो. डॅनियल जेरूल्ड आणि सी. एस. ड्यूरर यांचं इंग्रजी भाषांतर १९६८ मध्ये पुस्तकात आलं. त्यावरून मराठी करणार असाल तर परवानगी घ्या, किंवा पोलिश जाणणाऱ्या कोणाला तरी गाठून थेट करा.

पात्रं मोजकी, नेपथ्य एकाच खोलीचं, त्यामुळे एकांकिकेच्या खर्चात पूर्ण नाटक उभं राहू शकतं. नेपथ्याचा विचार करताना पोलिश दिग्दर्शक तादेउश कांतोरचा १९६३ चा क्राकूवमधला प्रयोग डोळ्यासमोर ठेवा. त्याने घडीच्या खुर्च्यांचा मोठा ढिगारा यंत्रासारखा रंगमंचावर उभा केला होता, आणि तो नटांना हालूच देत नव्हता. कोठडी दाखवायला गज लागतातच असं नाही.

जाकीट खरं शिवून घ्या आणि तालमीच्या पहिल्या दिवसापासून वाल्पुर्गच्या अंगात ठेवा. हात मागे असताना आवाज कुठून काढायचा हे नटाला उशिरा सुचतं. शेवटच्या प्रवेशासाठी वाल्पुर्गच्या बांध्याचा एक जास्तीचा माणूस धरून ठेवा, कारण प्रेत आणि वाल्पुर्ग एकाच वेळी प्रेक्षकांसमोर असतात. बाहुली वापरून पाहू नका, पहिल्या तीन रांगांना लगेच कळतं.